कुर्ट गेरॉन : दुसऱ्या रांगेतला नट

(जाहीर व्याख्यानाचे शब्दांकन. बोलण्याचा बाज शक्यतो तसाच ठेवला आहे. शेवटी निवडक प्रश्नोत्तरे दिली आहेत.)



'द ब्लू एंजल' हा चित्रपट तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी पाहिला असेल. कुणी फिल्म सोसायटीत, कुणी अलीकडे इंटरनेटवर. १९३० सालचा जर्मन चित्रपट, दिग्दर्शक जोसेफ फॉन स्टर्नबर्ग. त्यातलं काय आठवतं असं विचारलं, की दोनच उत्तरं येतात. एक, पिंपावर बसून गाणारी मार्लिन डिट्रिश. आणि दुसरं, एमिल यानिंग्जनं केलेला तो शिस्तीचा, करडा प्रोफेसर, जो एका गाणाऱ्या बाईपायी पार धुळीला मिळतो.

आज मला या दोघांबद्दल बोलायचं नाही. त्यांच्याबद्दल भरपूर लिहिलं गेलंय. त्याच चित्रपटात एक तिसरा माणूस आहे. जाडजूड, गडगडणाऱ्या आवाजाचा, गावोगाव फिरणाऱ्या त्या नाटक मंडळीचा मालक आणि जादूगार. पात्राचं नाव कीपर्ट, नटाचं नाव कुर्ट गेरॉन. हा नट साठहून अधिक चित्रपटांत दिसतो, आणि तरी त्याचं नाव कुणाच्या ओठांवर नसतं. जिथे नाव निघतं तिथे ते फक्त त्याच्या शेवटच्या चित्रपटामुळे निघतं. तो शेवटचा चित्रपट नाझींच्या छळछावणीत, नाझींच्या हुकमावरून केलेला होता.

माझं आजचं म्हणणं थोडक्यात आधीच सांगून टाकतो. गेरॉनची कारकीर्द आपण शेवटाकडून सुरुवातीकडे वाचतो, आणि त्यामुळे ती चुकीची वाचतो. ती सरळ, पहिल्यापासून वाचली तर दोन गोष्टी कळतात. तो नट म्हणून किती पक्का होता, ही एक. आणि ज्या गोष्टीनं त्याला मोठं केलं तिनंच त्याची सुटकेची वाट कशी अडवली, ही दुसरी.

डॉक्टरकीकडून रंगभूमीकडे

गेरॉनचा जन्म ११ मे १८९७चा, बर्लिनमधला. मूळ आडनाव गेरसन. ज्यू कुटुंब, वडील व्यापारी, एकुलता एक मुलगा. मुलानं डॉक्टर व्हावं असं घरच्यांना वाटत होतं, आणि त्यानं वैद्यकीय शिक्षण सुरूही केलं होतं. तेवढ्यात पहिलं महायुद्ध आलं. तो सैन्यात गेला आणि गंभीर जखमी झाला. पुढे त्याचं शरीर सुटत गेलं ते या जखमेच्या परिणामामुळे, असं त्याची चरित्रं सांगतात. हे लक्षात ठेवा. ज्या जाडेपणावर पुढे हजारो लोक हसले, तो जाडेपणा जर्मनीसाठी लढताना मिळालेला होता.

१९२०च्या सुमारास त्यानं डॉक्टरकी सोडली आणि कॅबरेत शिरला. आता 'कॅबरे' म्हटलं की आपल्याकडे हिंदी सिनेमातला नाच डोळ्यांसमोर येतो. बर्लिनचा कॅबरे तसा नव्हे. छोटं सभागृह, टेबलं मांडलेली, लोक खातापिता ऐकतायत, आणि मंचावर गाणी, नकला, राजकीय टोमणे. चांगल्या कवींनी लिहिलेली, चांगल्या संगीतकारांनी बांधलेली गाणी. तिथे नटाला लपायला जागा नसते. प्रेक्षक हाताच्या अंतरावर असतो, आणि पहिल्या अर्ध्या मिनिटात त्याला पकडलं नाही तर तो पुन्हा ताटाकडे वळतो.

गेरॉनची शाळा ही. त्या जोडीला माक्स राइनहार्टच्या नाटकांत कामं, आणि दिवसा मूकपटांत छोट्या भूमिका. दारूड्या, हॉटेलवाला, गोदी कामगार, गुंड, संस्थेतला जुलमी अधिकारी असली कामं. १९२५च्या 'व्हारिएटे' या गाजलेल्या मूकपटात तो आहे, १९२९च्या पाब्स्टच्या 'डायरी ऑफ अ लॉस्ट गर्ल'मध्येही आहे. एका वर्षात पाच-सात चित्रपट, कधी त्याहून जास्त. त्याची सीगफ्रीड आर्नो नावाच्या सडपातळ विनोदी नटाशी जोडी जमवण्याचाही प्रयत्न झाला. जोडीचं नाव 'बीफ आणि स्टेक'! एक जाड, एक काटकुळा. सगळ्या देशांतल्या निर्मात्यांना ही कल्पना कधी ना कधी सुचतेच.

एक गाणं आणि ३१ ऑगस्ट १९२८

आता आपल्या ओळखीच्या जागी येऊ. १९७८ साली थिएटर अकॅडमीनं पु. ल. देशपांडे यांचं 'तीन पैशाचा तमाशा' रंगमंचावर आणलं, दिग्दर्शक जब्बार पटेल. तुमच्यापैकी काहींनी ते पाहिलंही असेल. त्याचं मूळ म्हणजे बेर्टोल्ट ब्रेख्त आणि संगीतकार कुर्ट वाइल यांचं 'थ्री पेनी ऑपेरा', ज्याचा पहिला प्रयोग ३१ ऑगस्ट १९२८ रोजी बर्लिनच्या शिफबाउअरडाम थिएटरात झाला. त्या पहिल्या प्रयोगाच्या सुरुवातीला जो रस्त्यावरचा गायक येतो आणि मॅकी नावाच्या सुरेबाज गुंडाची कहाणी गातो, तो गायक म्हणजे कुर्ट गेरॉन. शिवाय त्याच नाटकात भ्रष्ट पोलीसप्रमुख टायगर ब्राउनही त्यानंच केला.

हे गाणं मूळ संहितेत नव्हतं. तालमींच्या अगदी शेवटच्या दिवसांत ते लिहिलं गेलं. नायकाची भूमिका करणाऱ्या हाराल्ड पाउल्सेनला आपला प्रवेश झोकात व्हावा असं वाटत होतं. ब्रेख्तनं त्याचं म्हणणं ऐकलं, पण स्वतःच्या पद्धतीनं. गाणं दिलं, फक्त ते नायकाला न देता दुसऱ्याच माणसाच्या तोंडी घातलं. जर्मनीत जत्रेत असे गायक असत. बाकड्यावर उभं राहायचं, चित्रांचा फलक टांगायचा, काठीनं एकेक चित्र दाखवत खुनाची कहाणी गायची. कुडाळजवळच्या पिंगुळीची चित्रकथी तुम्हाला माहीत असेल, तर पद्धत लगेच ध्यानात येईल. विषय मात्र रामायणाऐवजी रक्तपाताचा.

पुढे हे गाणं जगभर गेलं. लुई आर्मस्ट्राँगनं १९५५ साली ते रेकॉर्ड केलं, बॉबी डॅरिननं १९५८ साली. आज कुठल्याही महागड्या हॉटेलात ते पार्श्वसंगीत म्हणून ऐकू येतं. गेरॉनच्या आवाजातली ध्वनिमुद्रिका उपलब्ध आहे, ती मुद्दाम ऐका. आर्मस्ट्राँगच्या गाण्यात मजा आहे, मोकळेपणा आहे. गेरॉन ते बातमी वाचल्यासारखं म्हणतो. आवाज खरखरीत, 'र' घोळवलेला. खुनाची यादी सांगताना तो जराही उत्तेजित होत नाही. त्यामुळे ऐकणाऱ्याच्या अंगावर काटा येतो. मोठा गायक असता तर त्यानं गाणं सजवलं असतं. गेरॉननं ते फक्त सांगितलं. दुय्यम भूमिका करणाऱ्या नटाचं हे मोठं बळ असतं. स्वतःकडे लक्ष न वेधता समोरची गोष्ट पुढे नेणं.

तीच जादू, दोनदा

आता 'ब्लू एंजल'कडे परत येऊ. बोलपट नुकताच आला होता. मूकपटांतले कितीतरी नट आवाजापाशी अडखळले. गेरॉनचं उलट झालं. दहा वर्षं रोज रात्री मंचावर आवाज कमावलेला माणूस तो. बोलपटानं त्याला एकदम वरच्या पायरीवर नेऊन ठेवलं.

चित्रपटात कीपर्ट पहिल्यांदा प्रोफेसरशी बोलतो तेव्हा त्याचा सूर बघा. आधी गुर्मी. समोरचा माणूस शाळेतला प्रोफेसर आहे हे कळल्यावर त्याच श्वासात लाळघोटेपणा. पुढे प्रोफेसरचं लोला-लोलाशी लग्न होतं. मेजवानीत कीपर्ट आपली जादू दाखवतो, प्रोफेसरच्या नाकाखालून अंडी काढतो. सगळे हसतात. नवरदेव खुशीत येऊन कोंबड्यासारखा आरवतो. हलका, गमतीचा प्रसंग.

काही वर्षं जातात. प्रोफेसर आता त्या मंडळीतला विदूषक झालाय. नोकरी गेलेली, मान गेलेला. मंडळी त्याच्याच गावात येते, आणि कीपर्ट त्याला त्याच्याच गावकऱ्यांसमोर मंचावर उभा करतो. पुन्हा तीच जादू. नाकातून अंडं. ते अंडं त्याच्या डोक्यावर फोडायचं, आणि त्यानं आरवायचं. प्रेक्षागृह खिदळतंय. पडद्याआड त्याची बायको दुसऱ्या पुरुषाबरोबर आहे. आणि कीपर्ट दबक्या आवाजात त्याला दटावतो आहे, की आरव.

यानिंग्जचं आरवणं अभिनयाच्या इतिहासात गेलं. पण तो प्रसंग उभा राहतो गेरॉनच्या जोरावर. कारण त्यानं कीपर्टला खलनायक केलेला नाही. कीपर्टच्या मनात प्रोफेसरबद्दल द्वेष नाही, सूडही नाही. त्याला खेळ चालवायचाय. तिकिटं विकली गेलीत, गर्दी जमलीय, आता हा गडी मधेच थांबला तर पैसे परत द्यावे लागतील. बस, एवढंच. एका माणसाची मंचावर विटंबना होतेय आणि विटंबना करणारा फक्त आपलं काम करतोय. ही भयंकर गोष्ट गेरॉननं किती साधेपणानं दाखवलीय ते बघा.

हा चित्रपट बर्लिनमध्ये पहिल्यांदा दाखवला गेला ती तारीख होती १ एप्रिल १९३०. ही तारीख जरा ध्यानात राहू द्या.

तीन वर्षांचं वैभव

पुढची तीन वर्षं गेरॉनच्या कारकिर्दीतली सगळ्यात भरभराटीची. 'द थ्री फ्रॉम द फिलिंग स्टेशन' हा १९३०चा संगीतपट तुफान चालला, त्यात तो वकील आहे. त्याच सुमारास जर्मनीतली सर्वांत मोठी चित्रसंस्था 'उफा' त्याला दिग्दर्शनही देऊ लागली. आधी कॅबरेवरचे छोटे चित्रपट, मग पूर्ण लांबीचे विनोदी, संगीतप्रधान चित्रपट. १९३२चा 'द व्हाइट डेमन' हा अमली पदार्थांच्या तस्करीवरचा रहस्यपट त्याचाच. नायक हान्स आल्बर्स, आणि सोबत पीटर लोरे, जो आदल्याच वर्षी फ्रिट्झ लांगच्या 'एम'मधून जगाला माहीत झाला होता.

म्हणजे बघा, पस्तिशीतला माणूस, लोकप्रिय चरित्रनट, मोठ्या संस्थेचा भरवशाचा दिग्दर्शक.

३० जानेवारी १९३३ रोजी हिटलर सत्तेवर आला. २९ मार्चला उफाच्या संचालक मंडळानं ज्यू कलाकारांचे आणि कर्मचाऱ्यांचे करार संपवायचं ठरवलं. त्यासाठी तेव्हा कुठला कायदा आलेला नव्हता. कंपनीनं आपण होऊन हे केलं. १ एप्रिलला देशभर ज्यूंच्या दुकानांवर बहिष्कार पुकारला गेला. त्या दिवशी गेरॉन स्टुडिओत स्वतःच्या चित्रपटाचं चित्रीकरण करत होता. त्याला सगळ्यांसमोर सेटवरून बाहेर जायला सांगण्यात आलं. चित्रपट दुसऱ्यानं पुरा केला. 'ब्लू एंजल'च्या पहिल्या खेळाला त्या दिवशी बरोबर तीन वर्षं झाली होती.

तो अमेरिकेला का गेला नाही?

हा प्रश्न गेरॉनबद्दल नेहमी विचारला जातो. डिट्रिश गेली, लोरे गेला, वाइल गेला, आर्नो गेला. मग हा का नाही? त्याला हॉलिवूडला आणण्यासाठी तिथल्या मित्रांनी खटपट केली होती, पण जमलं नाही, असं सांगतात. काही लोक हे त्याच्या गर्वावर ढकलतात. मला ते उत्तर अपुरं वाटतं. त्याच्या कामाचा धंदा काय होता ते पाहिलं पाहिजे.

बोलपट आला, आणि नट भाषेला बांधला गेला. मूकपटात जर्मन नट उद्या अमेरिकन चित्रपटात उभा राहू शकत होता, यानिंग्ज तसा राहिलाच होता. बोलपटात ते अवघड झालं. देखण्या नटीला परक्या उच्चाराची सूट मिळते. विचित्र, भेदरलेला खुनी करणाऱ्या लोरेलाही मिळाली. पण गेरॉनचा सगळा कस बर्लिनच्या बोलीत, तिच्या टोमण्यांत, तिच्या लयीत होता. कल्पना करा, की दादा कोंडक्यांना उद्या फ्रेंचमध्ये विनोद करायला सांगितलं तर? माणूस तोच, पण त्याची शिदोरीच काढून घेतलेली. आवाजानं गेरॉनला वर नेलं होतं, आणि त्याच आवाजामुळे तो जर्मन भाषेच्या आसपास अडकून पडला.

म्हणून तो अभिनयापेक्षा दिग्दर्शनाकडे झुकला. दिग्दर्शकाचे उच्चार पडद्यावर ऐकू येत नाहीत. आधी पॅरिस, मग व्हिएन्ना, आणि १९३५पासून नेदरलँड्स. तिथे बोलपटांचा धंदा नुकता उभा राहत होता, आणि जर्मनीतून परागंदा झालेल्या अनुभवी लोकांना मागणी होती. माक्स ओफ्युल्स, लुडविग बर्गर यांच्यासारख्यांनीही त्या काळात तिथे चित्रपट केले. भाषा जर्मनच्या जवळची, प्रेक्षक ओळखीचा. गेरॉननं १९३६ साली एका गाजलेल्या डच कादंबरीवर 'मेरइन्त्ये गाइझेन्स यूख्ड' हा चित्रपट केला, एका खेड्यातल्या मुलाच्या बालपणावरचा. डिस्नेच्या 'स्नो व्हाइट'चं डच भाषांतरित ध्वनिमुद्रणही त्याच्याच देखरेखीखाली झालं.

याला कुणी आळस म्हणू नये. जिथे काम मिळेल तिथे राहणं, हेच तो आयुष्यभर करत आला होता. फक्त ज्या देशात तो थांबला, तो जर्मनीला लागून होता. १० मे १९४० रोजी जर्मन फौजा नेदरलँड्समध्ये शिरल्या. पाच दिवसांत सगळं संपलं.

नाटकगृह, छावणी, आणि शेवटचा चित्रपट

त्याच वर्षी बर्लिनमध्ये 'द इटर्नल ज्यू' नावाचा नाझी प्रचारपट आला. ज्यू लोक कसे किळसवाणे असतात हे 'सिद्ध' करण्यासाठी त्यात ज्यू नटांच्या जुन्या चित्रपटांतले तुकडे वापरले होते. पीटर लोरेचे होते, गेरॉनचेही होते. नटानं रंगवलेलं पात्र म्हणजेच तो नट, असं प्रेक्षकांना सांगितलं गेलं.

ॲमस्टरडॅममध्ये ज्यूंना इतर नाट्यगृहं बंद झाली. एक नाट्यगृह फक्त ज्यू कलाकारांसाठी आणि ज्यू प्रेक्षकांसाठी ठेवलं गेलं. तिथे गेरॉन गात होता, कार्यक्रम बसवत होता. १९४२च्या उन्हाळ्यापासून त्याच नाट्यगृहात लोकांना पकडून आणून कोंडू लागले, आणि तिथून छावण्यांकडे रवाना करू लागले. १९४३ साली त्याच्या आईवडिलांना सोबिबोरच्या मृत्युछावणीत पाठवलं गेलं. त्याच वर्षी तो आणि त्याची पत्नी ओल्गा यांना वेस्टरबोर्कच्या छावणीत नेण्यात आलं. वेस्टरबोर्कमध्ये बर्लिनचे इतके नामांकित कलावंत कैदेत होते, की छावणीच्या कमांडंटनं त्यांचा कॅबरेच उभा केला. आठवड्याला माणसं भरून गाडी पूर्वेकडे जायची, आणि त्याच छावणीत संध्याकाळी कॅबरे व्हायचा.

फेब्रुवारी १९४४मध्ये गेरॉन दांपत्याला टेरेझिनश्टाटला हलवलं. चेक प्रदेशातलं हे एक जुनं तटबंदीचं गाव, चेक नाव तेरेझिन. युद्धाच्या काळात सुमारे १,४०,००० ज्यूंना तिथे आणलं गेलं. सुमारे ३३,००० तिथेच मेले, भुकेनं आणि रोगांनी. सुमारे ८८,००० जणांना पुढे ऑशविट्झसारख्या ठिकाणी पाठवलं. जगाला मात्र सांगितलं जात होतं, की ही ज्यूंची आदर्श वसाहत आहे.

२३ जून १९४४ रोजी रेड क्रॉसचे प्रतिनिधी पाहणीला येणार होते. त्यासाठी घरांना रंग दिले, बागा केल्या, दुकानं मांडली. गर्दी दिसू नये म्हणून मे महिन्यात ७,५०० माणसं ऑशविट्झला पाठवली. पाहणी नाझींच्या मनासारखी पार पडली. एवढा देखावा उभा केलाच आहे, तर त्याचा चित्रपटही काढू, असं ठरलं. आणि काम सांगितलं गेलं गेरॉनला. तिथे तो तेव्हा 'कारुसेल' नावाचा कॅबरे चालवत होता.

१६ ऑगस्ट ते ११ सप्टेंबर १९४४, या दिवसांत चित्रीकरण झालं. कॅमेरे आणि तंत्रज्ञ प्रागच्या एका वृत्तपट कंपनीचे, वर पहारा एस.एस.चा. बराकीच्या चौकातला फुटबॉलचा सामना, नदीत पोहणं, ग्रंथालय, कारखाने, भाजीचे मळे. हान्स क्रासाच्या 'ब्रुंडिबार' या बालसंगीतिकेत गाणारी मुलं. कारेल आन्चर्ल यांचा वाद्यवृंद, आणि वादन संपल्यावर वाकून अभिवादन करणारा संगीतकार पावेल हास. जिवंत, हसरी माणसं.

चित्रीकरण संपून तीन आठवडेही झाले नव्हते, तेव्हा २८ सप्टेंबरला गाड्या सुटायला लागल्या. एका महिन्यात अकरा गाड्या, अठरा हजारांहून अधिक माणसं. पावेल हास गेला. हान्स क्रासा गेला. ब्रुंडिबारमधली बहुतेक मुलं गेली. २८ ऑक्टोबरला त्या मालिकेतली शेवटची गाडी सुटली. तिच्यात कुर्ट आणि ओल्गा गेरॉन होते. ऑशविट्झला पोचल्यावर त्यांना मारण्यात आलं. पुढच्या काही दिवसांतच तिथल्या विषारी वायूच्या कोठड्या बंद करण्याचा हुकूम आला.

हा चित्रपट कुणाचा?

आता मूळ प्रश्नाकडे येऊ. गेरॉनबद्दल लिहिताना 'नाझींसाठी चित्रपट काढणारा ज्यू' असा शिक्का मारतात. पण दिग्दर्शक म्हणजे काय? काय चित्रित करायचं हे ठरवणारा. कसं जोडायचं हे ठरवणारा. काय वगळायचं हे ठरवणारा. गेरॉनकडे यातलं काय होतं? आराखडे त्यानं लिहिले, ते टिकलेतही. पण मान्यता एस.एस.ची. कारेल मार्ग्री या डच अभ्यासकानं कागदपत्रं तपासून दाखवलंय, की चित्रीकरण पुढे सरकलं तसा गेरॉनचा अधिकार कमी होत गेला, आणि प्रागच्या कंपनीच्या प्रमुखाकडे सूत्रं गेली. संकलन झालं ते गेरॉनच्या मृत्यूनंतर. चित्रपट पुरा झाला मार्च १९४५मध्ये. लोकांना तो कधी दाखवलाच गेला नाही, कारण तोवर युद्धच संपत आलं होतं.

आणि एक तुलना करून बघा. 'ब्लू एंजल'मधला यानिंग्ज. त्यानं १९४१ साली 'ओम क्रुगर' हा इंग्रजद्वेषाचा प्रचारपट केला. मोठा मानमरातब घेऊन, स्वखुशीनं. हान्स आल्बर्स 'ब्लू एंजल'मधलाच. तो जर्मनीतच राहिला, आणि उफाचा सर्वांत मोठा तारा झाला. हे दोघं नकार देऊ शकत होते. फार तर कामं कमी झाली असती. त्यांना आपण पहिल्यांदा नट म्हणून आठवतो. ज्याच्या डोक्यावर बंदूक होती त्याला मात्र त्या एका चित्रपटावरून तोलतो. हा न्याय मला उलटा वाटतो.

तेवढ्यावर थांबतो. आता प्रश्न घेऊ.

प्रश्नोत्तरे

*प्रश्न : तरीही, त्याने नकार द्यायला हवा होता असे तुम्हाला वाटत नाही का? त्या चित्रपटामुळे जगाची फसवणूक झाली असती.*

चांगला प्रश्न. आणि तो तिथल्या कैद्यांनाही पडला होता बरं का. वाचलेल्यांपैकी काही जण त्याच्याबद्दल कडवटपणे बोलले, काही कळवळ्यानं. माझं उत्तर असं, की नकार दिला असता तर चित्रपट थांबला नसता, दुसऱ्या कुणाकडून करून घेतला असता. पण एवढ्यानं प्रश्न मिटत नाही, हे मान्य. कीपर्ट आठवा. खेळ चालू ठेवायचा, एवढंच ज्याला कळतं असा माणूस गेरॉननं रंगवला होता. टेरेझिनश्टाटमध्ये खेळ चालू ठेवणं म्हणजे आणखी काही दिवस जगणं, स्वतः आणि त्या खेळात सामील असलेल्यांनी. तो हिशेब चुकला. पण तो हिशेब मांडायची वेळ त्याच्यावर कुणी आणली, ते आधी विचारायला हवं.

*प्रश्न : तो चित्रपट आज पाहता येतो का?*

पूर्ण नाही. सुमारे वीस-एक मिनिटांचे तुकडे मिळालेत. ते पाहताना मी सुचवेन, की निवेदन बंद करा आणि चेहरे बघा. प्रचार म्हणून काढलेला तो चित्रपट आज कितीतरी माणसांचं शेवटचं छायाचित्र आहे. गेरॉनवर 'प्रिझनर ऑफ पॅरडाइस' हा २००२चा माहितीपटही आहे, त्याला ऑस्करचं नामांकन होतं.

*प्रश्न : या मंडळींपैकी कुणी भारतात आले होते का?*

गेरॉन नाही. पण त्या जगातली माणसं मुंबईत होती. पाब्स्टच्या 'जॉयलेस स्ट्रीट'चा पटकथाकार विली हास ज्यू होता. तो १९३९ साली मुंबईला आला आणि इथल्या चित्रपटांसाठी लिहू लागला. तो वाचला. आणि त्याच काळात मालाडच्या बॉम्बे टॉकीजमध्ये 'अछूत कन्या' दिग्दर्शित करणारा फ्रान्झ ऑस्टेन हा नाझी पक्षाचा सभासद होता. युद्ध सुरू झाल्यावर इंग्रजांनी त्याला अटकेत टाकलं. एकाच धंद्यातली दोन माणसं, एकाच शहरात.

*प्रश्न : गेरॉनचं काम पाहायचं तर सुरुवात कुठून करावी?*

आधी मॅकीचं गाणं ऐका. मग 'ब्लू एंजल', आणि शक्यतो जर्मन आवृत्ती. इंग्रजीतही तो आहे, पण त्याचा विनोद जर्मनमध्येच फुलतो, भाषा कळली नाही तरी लय कळते. मग 'फिलिंग स्टेशन'. टेरेझिनश्टाटचे तुकडे सगळ्यात शेवटी बघा. या क्रमानं गेलात तर त्या तुकड्यांपाशी पोचताना हा माणूस तुमच्या ओळखीचा झालेला असेल.